रमाकांत आचरेकर: एकच प्रथम श्रेणी सामना खेळलेला क्लब क्रिकेटपटू 'प्रशिक्षकांचा प्रशिक्षक' कसा झाला?

जून २०२२. बंगळुरूच्या चिन्नास्वामी स्टेडियमवर रणजी करंडकाचा अंतिम सामना सुरू होता. एका बाजूला तोपर्यंत ४१ वेळा करंडक जिंकलेली मुंबई आणि दुसऱ्या बाजूला एकदाही न जिंकलेला मध्य प्रदेश. पाचव्या दिवशी मध्य प्रदेशने सहा गडी राखून सामना जिंकला. त्यांचे प्रशिक्षक चंद्रकांत पंडित मैदानावर आले तेव्हा त्यांना रडू आवरत नव्हतं. १९९८-९९च्या मोसमात याच मैदानावर मध्य प्रदेशचे कर्णधार म्हणून ते अंतिम सामना हरले होते.

पंडितांचे अश्रू देशभर दिसले. मात्र एका गोष्टीची चर्चा त्या मानाने कमी झाली. हरलेल्या मुंबईचे प्रशिक्षक होते अमोल मुझुमदार. म्हणजे देशातल्या सर्वांत मोठ्या देशांतर्गत स्पर्धेच्या अंतिम सामन्यात दोन्ही संघांच्या तंबूत बसलेले प्रशिक्षक एकाच माणसाचे शिष्य होते. दादरच्या शिवाजी पार्कात टोपी घालून झाडाआड उभं राहणाऱ्या रमाकांत विठ्ठल आचरेकर यांचे.

आचरेकर सर म्हटलं की पुढचं नाव आपसूक येतं ते सचिन तेंडुलकरचं. ते स्वाभाविकच आहे. पण त्यामुळे सरांची स्वतःची कारकीर्द एका ओळीत आटोपते: 'सचिनचे गुरू'. ते स्वतः कुठे खेळले, मोठे खेळाडू का झाले नाहीत आणि ज्याच्या नावावर जेमतेम एक प्रथम श्रेणी सामना आहे त्याला शिकवता इतकं कसं आलं, हे प्रश्न मागेच राहतात.

मालवण, न्यू हिंद आणि गिरणीचा संघ

आचरेकरांचा जन्म ३ डिसेंबर १९३२ रोजी मालवणचा. आडनाव सांगतं त्याप्रमाणे मूळ जवळच्याच आचऱ्याचं. त्या काळी कोकणातून मुंबईला येणाऱ्यांची वस्ती ठरलेली असे. गिरगाव, लालबाग, परळ, फार तर दादर. चाळीतली खोली, गिरणीतली किंवा गोदीतली नोकरी आणि पोरांना खेळायला मोकळं मैदान.

१९४३ मध्ये, वयाच्या अकराव्या वर्षाच्या आसपास त्यांनी खेळायला सुरुवात केली. १९४५ मध्ये ते न्यू हिंद स्पोर्ट्स क्लबकडून क्लब क्रिकेट खेळू लागले. पुढे यंग महाराष्ट्र इलेव्हन, गुलमोहर मिल्स आणि मुंबई पोर्ट या संघांकडूनही ते खेळले. ही यादी नुसती वाचली तरी त्या वेळचं मुंबई क्रिकेट कशावर उभं होतं ते कळतं. शाळा, मग मोहल्ल्यातला क्लब, मग गिरणी, बंदर किंवा बँक.

आज 'ऑफिस क्रिकेट' म्हटलं की रविवारची मौज डोळ्यांसमोर येते. तेव्हा तसं नव्हतं. टाइम्स शिल्डसारख्या स्पर्धेत कंपन्या आणि बँका एकमेकांशी जीव तोडून खेळायच्या आणि त्यांच्या संघांत कसोटीपटू असायचे. क्रिकेट चांगलं येत असेल तर नोकरी मिळायची, सकाळी सराव करून कामावर उशिरा यायची सवलत मिळायची. खेळातून पैसा नव्हता, पण खेळामुळे महिन्याचा पगार सुरू व्हायचा. मध्यमवर्गीय घरातल्या आईवडिलांनी पोराच्या हातून बॅट काढून घेतली नाही, त्यामागे हा हिशेबही होता. पावसाळ्यात कांगा लीग. १९४८ पासून ही स्पर्धा भर पावसात, ओल्या खेळपट्ट्यांवर भरते. चेंडू कधी उसळेल, कधी घसरेल याचा नेम नाही. मुंबईच्या फलंदाजांचा 'खडूस'पणा म्हणतात तो या चिखलातही तयार झाला.

आचरेकरांची सगळी क्रिकेटची शाळा हीच. त्यांच्या हाती कुठलं प्रमाणपत्र नव्हतं, परदेशी पुस्तकंही नव्हती. होते ते मैदानावर खेळलेले असंख्य सामने. पुढे त्यांनी मुलांना जे दिलं ते हेच.

एकच सामना का?

आचरेकरांच्या नावावर एकच प्रथम श्रेणी सामना आहे. १९६३-६४च्या मोसमात मोईन-उद-दौला करंडक स्पर्धेत ते स्टेट बँकेच्या संघातून हैदराबादविरुद्ध खेळले. हैदराबादमध्ये भरणाऱ्या या स्पर्धेला तेव्हा प्रथम श्रेणीचा दर्जा होता. त्या वेळी त्यांचं वय तिशीपलीकडे गेलेलं होतं. त्यानंतर ती संधी पुन्हा आली नाही.

यावरून ते सामान्य खेळाडू होते असा अर्थ लावणं सोपं आहे, पण त्या वर्षांकडे नीट पाहायला हवं. १९५८-५९ ते १९७२-७३ या काळात मुंबईने रणजी करंडक सलग १५ वेळा जिंकला. आचरेकर सव्वीस वर्षांचे होते तेव्हा ही मालिका सुरू झाली आणि ते चाळिशीला आले तेव्हा थांबली. म्हणजे त्यांची खेळायची उमेदीची सगळी वर्षं याच काळात गेली. पॉली उम्रीगर, बापू नाडकर्णी, दिलीप सरदेसाई, अजित वाडेकर अशी नावं संघात असताना क्लब क्रिकेटमधून वर सरकायला फटच नव्हती. दुसऱ्या कुठल्याही राज्याच्या संघात सहज बसले असते असे कितीतरी खेळाडू त्या काळात मुंबईच्या मैदानांवर शनिवार-रविवार खेळून घरी गेले.

शिवाजी पार्कातलंच उदाहरण द्यायचं तर डावखुरे फिरकी गोलंदाज पद्माकर शिवलकर. त्यांनी प्रथम श्रेणीत ५८९ बळी घेतले, पण बिशनसिंग बेदींच्या काळात जन्मल्यामुळे एकही कसोटी खेळले नाहीत. जिथे ५८९ बळी पुरले नाहीत तिथे इतरांचं काय सांगावं?

असं फक्त इथेच घडतं असंही नाही. रग्बीवेड्या वेल्समध्ये कार्विन जेम्स नावाचा खेळाडू होता. लानेल्ली या क्लबचा. त्याच्या जागी क्लिफ मॉर्गनसारखा दिग्गज असल्यामुळे देशाकडून त्याला १९५८ मध्ये जेमतेम दोन सामने मिळाले. हाच जेम्स पुढे प्रशिक्षक झाला. १९७१ मध्ये त्याच्या मार्गदर्शनाखाली ब्रिटिश लायन्स संघाने न्यूझीलंडमध्ये जाऊन मालिका जिंकली. पुढच्याच वर्षी लानेल्लीने, म्हणजे एका गावच्या क्लबने, न्यूझीलंडच्या ऑल ब्लॅक्सना ९-३ असं हरवलं. वेल्सच्या राष्ट्रीय संघाचं प्रशिक्षकपद मात्र त्याला कधीच मिळालं नाही. आचरेकरांनाही भारतीय संघाचं प्रशिक्षकपद कधी मिळालं नाही. त्यांनी ते मागितल्याचंही कुणी सांगत नाही.

शिवाजी पार्कातला वर्ग कसा भरायचा?

शिवाजी पार्क हे १९२५ मध्ये लोकांसाठी खुलं झालेलं मैदान. आधी त्याचं नाव माहीम पार्क होतं, १९२७ मध्ये ते बदललं. चारी बाजूंनी कट्टा, कट्ट्यावर गप्पा मारणारे आजोबा, एका कोपऱ्यात समर्थ व्यायाम मंदिर, दुसरीकडे उद्यान गणेश आणि मधल्या मोकळ्या जागेत एकमेकांना खेटून लावलेली क्रिकेटची नेट्स. एका सामन्याचा पॉइंटवरचा क्षेत्ररक्षक दुसऱ्या सामन्याच्या मिडविकेटला उभा असतो. बाहेरून आलेल्या माणसाला हा गोंधळ वाटतो. इथे वाढलेल्या मुलाला त्यातूनच आपला चेंडू ओळखायची सवय लागते.

इथेच आचरेकरांनी कामत मेमोरियल क्रिकेट क्लब सुरू केला. सोबत दादरच्याच भवानी शंकर रोडवरच्या शारदाश्रम विद्यामंदिरच्या संघाची जबाबदारी होती. शाळा आणि क्लब अशा दोन्ही टोकांना तेच असल्यामुळे एखादा मुलगा त्यांच्या हाताखाली आला की त्याचं वर्षभराचं क्रिकेट तेच ठरवू शकत. ही सोय फार महत्त्वाची ठरली.

फी किती? तेंडुलकरने आत्मचरित्रात लिहिलंय त्यानुसार, १९८४च्या उन्हाळ्यात तो शिबिरात गेला तेव्हा प्रवेशासाठी ६५ रुपये आणि पुढे महिना १० रुपये. सुरुवातीचे काही महिने सोडले तर तेही कुणी मागितल्याचं त्याला आठवत नाही.

त्या पहिल्या दिवसाची गोष्ट अनेकांना माहीत आहे. अकरा वर्षांचा सचिन सरांसमोर बिचकला आणि त्याला धड खेळता येईना. पोरगा अजून लहान आहे, नंतर आणा, असं सरांचं मत झालं. मोठा भाऊ अजित याने विनंती केली की तुम्ही निघून गेल्यासारखं करा आणि लांबून बघा. सर झाडामागे गेले आणि पोरगा मोकळेपणाने खेळला. या गोष्टीत सगळे सचिनच्या नशिबाचं कौतुक करतात. खरं तर त्यात लक्षात घ्यायची गोष्ट दुसरीच आहे. पोराच्या मोठ्या भावाने सुचवलेली युक्ती पन्नाशीतल्या प्रशिक्षकाने ऐकली आणि आपलं मत बदललं. एवढंच नाही, तर झाडाआडून सामना पाहणं ही पुढे त्यांची पद्धतच झाली. सर बघतायत हे कळलं की पोरं सरांसाठी खेळतात. सर नाहीत असं वाटलं की स्वतःसारखी खेळतात.

दिवसाचं वेळापत्रक असं होतं. सकाळी साडेसात ते साडेदहा नेट्स. मग कपडे तसेच ठेवून सामना, तो दुपारी साडेचारपर्यंत. थोडी विश्रांती की पाच ते सात पुन्हा नेट्स, मधे छोट्या विश्रांतीसह पाच सत्रं. शेवटच्या पंधरा मिनिटांत सर स्टंपवर एक रुपयाचं नाणं ठेवायचे. मैदानावरची साठ-सत्तर पोरं चारी बाजूंना झेल घ्यायला उभी. नाबाद राहिला तर नाणं फलंदाजाचं. बाद केला तर गोलंदाजाचं. त्यानंतर पॅड आणि ग्लोव्हज तसेच ठेवून मैदानाला दोन फेऱ्या.

सचिनने अशी १३ नाणी जपून ठेवली आहेत. नाण्याची गोष्ट इतक्यांदा सांगितली गेलीय की आता ती जाहिरातीसारखी वाटते. तिच्यापेक्षा महत्त्वाचा आकडा दुसरा आहे. पहिल्याच उन्हाळ्याच्या सुट्टीत, ६० दिवसांत सचिन ५५ सराव सामने खेळला.

आचरेकरांच्या पद्धतीचं मर्म या आकड्यात आहे. त्यांचा भर नेटपेक्षा सामन्यावर होता. नेटमध्ये बाद झालं तर पुढचा चेंडू मिळतो, सामन्यात बाद झालं की तंबूत बसावं लागतं. ते बसणं पोराला जे शिकवतं ते व्याख्यान शिकवत नाही. म्हणून शिवाजी पार्कात लवकर बाद झालेल्या पोराला सर स्कूटरवर मागे बसवायचे आणि आझाद मैदानावर दुसऱ्या सामन्यात फलंदाजीला उतरवायचे. एका दिवसात दोन डाव, कधी त्याहून जास्त. दादर ते बोरीबंदर हे अंतर आणि मुंबईची रहदारी डोळ्यांसमोर आणा. ज्याला हे सगळं जुळवायचं असतं त्याची मैदानांशी, पंचांशी, दुसऱ्या संघांच्या कर्णधारांशी ओळख असावी लागते. आचरेकरांची ती होती, कारण तीस-चाळीस वर्षं ते त्यांच्याच बरोबर आणि त्यांच्याच विरुद्ध खेळले होते. क्लब क्रिकेटमधली त्यांची वर्षं इथे कामी आली.

तंत्राच्या बाबतीत मात्र ते हट्टी नव्हते. सचिन बॅटच्या दांड्याला खाली धरायचा. भावाच्या मोठ्या बॅटने खेळताना लहानपणी लागलेली ती सवय. सरांनी पकड बदलून पाहायला सांगितलं. जमेना, तेव्हा सोडून दिलं. पुस्तकाप्रमाणे चाललं पाहिजे असा आग्रह धरणाऱ्या प्रशिक्षकाच्या हाती तो पडला असता तर काय झालं असतं, याचा विचार प्रत्येकाने स्वतःच करावा.

ते हट्टी होते ते दुसऱ्याच बाबतीत. शाळेच्या एका सामन्यात सचिनने २४ धावा केल्या. वर्तमानपत्रात नाव छापून यायचं तर ३० धावा लागत. गुणलेखकाने अवांतर सहा धावा त्याच्या नावावर टाकून ३० केल्या आणि सचिननेही हो म्हटलं. दुसऱ्या दिवशी नाव छापून आलं आणि सरांनी त्याची चांगलीच खरडपट्टी काढली. ज्या धावा तू केल्या नाहीस त्या तुझ्या कशा?

दुसरा प्रसंग वानखेडेवरचा. शारदाश्रमच्या इंग्रजी आणि मराठी माध्यमाच्या संघांत हॅरिस शिल्डचा अंतिम सामना होता. सचिन स्वतःचा सराव सामना बुडवून तो बघायला गेला. सरांनी त्याला गाठलं आणि सगळ्यांसमोर थप्पड दिली. दुसऱ्यांसाठी टाळ्या वाजवत बसू नकोस, लोक तुझ्यासाठी टाळ्या वाजवतील असं खेळ, हा त्यांच्या बोलण्याचा आशय होता. सचिनने ही गोष्ट पुढे स्वतःच कृतज्ञतेने सांगितली आहे. तरीही आज एखाद्या प्रशिक्षकाने बारा-तेरा वर्षांच्या मुलावर भर मैदानात हात उगारला तर पालक ऐकून घेणार नाहीत, आणि ते बरोबरच आहे. साठ दिवसांत पंचावन्न सामने हेही आजच्या फिजिओला सांगितलं तर तो कपाळाला हात लावेल. आचरेकरांच्या पद्धतीतलं सगळंच आज उचलण्यासारखं आहे असं समजायचं कारण नाही.

६६४ धावा आणि पॅड बांधून बसलेला मुलगा

फेब्रुवारी १९८८. आझाद मैदान. हॅरिस शिल्डची उपांत्य फेरी, शारदाश्रमविरुद्ध सेंट झेवियर्स. शारदाश्रमचे दोन गडी ८४ धावांवर बाद झाले असताना चौदा वर्षांचा सचिन आणि सोळा वर्षांचा विनोद कांबळी एकत्र आले. नंतर त्यांना कुणी बाद करू शकलं नाही. सचिन नाबाद ३२६, विनोद नाबाद ३४९. अभंग भागीदारी ६६४ धावांची, धावफलक २ बाद ७४८.

त्या दिवशी आचरेकर मैदानावर नव्हते. साहाय्यक प्रशिक्षक लक्ष्मण चव्हाण सीमारेषेवरून डाव घोषित करा म्हणून ओरडत होते आणि दोन्ही पोरं त्यांच्याकडे बघायचंच टाळत होती. शेवटी उपाहाराच्या वेळी सरांना फोन गेला आणि हुकूम आला: डाव संपवा. विनोदला ३५०ला एकच धाव हवी होती. तेवढी करू द्या म्हणून तो विनवत राहिला. सरांनी ऐकलं नाही. मग चेंडू हाती घेऊन त्याच विनोदने ३७ धावांत सहा गडी बाद केले आणि झेवियर्सचा डाव १४५ धावांत आटोपला. हा भागीदारीचा विक्रम २००६ मध्ये हैदराबादच्या दोन शाळकरी मुलांनी मोडला.

या सामन्याच्या गोष्टीत एक तिसरा मुलगा आहे. पुढच्या क्रमांकावर फलंदाजीला जाणारा. पॅड बांधून तो दोन दिवस बसून राहिला आणि त्याची पाळी आलीच नाही. त्याचं नाव अमोल मुझुमदार.

पुढेही बरंचसं तसंच झालं. १९९३-९४ मध्ये रणजी पदार्पणातच त्याने हरयाणाविरुद्ध २६० धावा केल्या. प्रथम श्रेणी पदार्पणातला तो तेव्हाचा जागतिक विक्रम होता. निवृत्त झाला तेव्हा १७१ प्रथम श्रेणी सामने, ११,१६७ धावा आणि ३० शतकं त्याच्या नावावर होती. भारतीय संघाची टोपी मात्र एकदाही मिळाली नाही. मधल्या फळीत द्रविड, तेंडुलकर, गांगुली आणि लक्ष्मण असताना जागा होणार तरी कुठे? आचरेकरांच्या वाट्याला मुंबईच्या संघाबाबत जे आलं, तेच त्यांच्या शिष्याच्या वाट्याला भारताच्या संघाबाबत आलं.

आणि विनोद? १७ कसोटी सामन्यांत त्याची सरासरी ५४.२० होती. १९९३ मध्ये लागोपाठच्या दोन कसोटींत त्याने २२४ आणि २२७ धावा केल्या. तरीही १९९५ मध्ये, वयाच्या २३व्या वर्षी तो शेवटची कसोटी खेळला. एकच मैदान, एकच गुरू, एकच शाळा, आणि दोन आयुष्यं इतकी वेगळी. याचं खापर सरांवर फोडता येत नाही. तसंच सचिनच्या यशाचं सगळं श्रेयही शिवाजी पार्कातल्या नाण्यांना देता येत नाही. प्रशिक्षक मुलाला सामन्यापर्यंत नेऊन सोडतो. त्यापुढे घर, स्वभाव, दुखापती, निवड समिती आणि नशीब असं बरंच काही असतं. कांजूरमार्गहून लोकलने किटबॅग घेऊन येणारा विनोद आणि शिवाजी पार्कसमोर काका-काकूंच्या घरी राहायची सोय झालेला सचिन यांची सुरुवातही सारखी नव्हती.

शिष्य जे पुढे शिक्षक झाले

आचरेकरांच्या हाताखालून गेलेले रामनाथ पारकर १९७२-७३ मध्ये इंग्लंडविरुद्ध कसोटी खेळले. बलविंदरसिंग संधू १९८३च्या विश्वचषक विजेत्या संघात होते. अंतिम सामन्यात गॉर्डन ग्रिनिजने खेळायचा सोडलेला चेंडू आत वळून स्टंपवर आदळला, तो त्यांचाच. त्यानंतर पंडित, प्रवीण आमरे, कांबळी, तेंडुलकर, संजय बांगर, अजित आगरकर, रमेश पोवार. खेळाडूंची ही यादी बहुतेक लेखांत सापडते.

याच नावांची दुसरी यादी करता येते, आणि आचरेकरांचं मोठेपण त्या दुसऱ्या यादीत अधिक दिसतं.

चंद्रकांत पंडित: प्रशिक्षक म्हणून मुंबई, विदर्भ आणि मध्य प्रदेश अशा तीन वेगवेगळ्या संघांना रणजी करंडक जिंकून दिला. विदर्भाने २०१७-१८ आणि २०१८-१९ असा लागोपाठ दोनदा जिंकला, तोही त्याआधी एकदाही अंतिम फेरी न गाठलेल्या संघाने. प्रवीण आमरे: १९९२ मध्ये डर्बनला कसोटी पदार्पणात शतक ठोकणारा फलंदाज. पुढे मुंबईचा प्रशिक्षक झाला, आणि शिवाजी पार्क जिमखान्याच्या नेट्समध्ये श्रेयस अय्यर त्याच्याच हाताखाली घडला. २००६-०७ मध्ये पराभवांनी सुरुवात करूनही मुंबईने रणजी जिंकली तेव्हा प्रशिक्षक आमरे होता आणि कर्णधार अमोल मुझुमदार. बांगर २०१४ ते २०१९ या काळात भारताचा फलंदाजी प्रशिक्षक होता. रमेश पोवारने भारतीय महिला संघाला दोन वेळा मार्गदर्शन केलं. आगरकर जुलै २०२३ मध्ये राष्ट्रीय निवड समितीचा अध्यक्ष झाला.

मोठे खेळाडू घडवणारे प्रशिक्षक बरेच असतात. शिष्यांमधून इतके प्रशिक्षक निघणं मात्र विरळा. याचं एक साधं कारण सांगता येतं. आचरेकरांच्या वर्गात पोरं फक्त खेळत नव्हती. नेट बांधायचं, खेळपट्टीवर पाणी मारायचं, रोलर ओढायचा, किट जपायचं, हे सगळं त्यांच्याचकडे होतं. सर कमी बोलायचे, त्यामुळे आपलं काय चुकलं ते शोधायची सवय पोरांनाच लागायची. शिवाय रोज सामना म्हणजे रोज कुणीतरी कर्णधार, रोज नवा डावपेच. स्वतः विचार करायला लागलेलं पोर पुढे दुसऱ्याला शिकवू शकतं.

२ नोव्हेंबर २०२५ रोजी नवी मुंबईच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर भारतीय महिला संघाने दक्षिण आफ्रिकेला ५२ धावांनी हरवून पहिल्यांदा एकदिवसीय विश्वचषक जिंकला. साखळीत सलग तीन सामने हरलेला हा संघ होता. विजयानंतर कर्णधार हरमनप्रीत कौर प्रशिक्षकाच्या पाया पडली. तो प्रशिक्षक म्हणजे १९८८ मध्ये आझाद मैदानावर पॅड बांधून बसलेला अमोल मुझुमदार. भारताकडून एकही सामना न खेळलेला.

मान मिळाला, कधी राहून गेला

आचरेकरांना १९९० मध्ये द्रोणाचार्य पुरस्कार मिळाला. सचिन तेव्हा कसोटीत येऊन वर्षही झालं नव्हतं किंवा नुकतंच होत होतं, त्यामुळे हा पुरस्कार सचिनमुळे मिळाला असं म्हणता येत नाही. २०१० मध्ये पद्मश्री मिळाली. पक्षाघातानंतर त्यांचं मैदानावर येणं कमी होत गेलं होतं. १६ नोव्हेंबर २०१३ रोजी वानखेडेवर निरोपाचं भाषण करताना सचिनने सांगितलं की २९ वर्षांत सरांनी आपल्याला एकदाही 'छान खेळलास' म्हटलं नाही, कारण त्यामुळे मी आळसावेन असं त्यांना वाटायचं. आता मी खेळणार नाही, तेव्हा म्हणायला हरकत नाही, असंही तो गमतीने म्हणाला.

२ जानेवारी २०१९ रोजी सरांचं मुंबईत निधन झालं. दुसऱ्या दिवशी अंत्ययात्रा निघाली तेव्हा सचिनने खांदा दिला आणि शिवाजी पार्कातल्या मुलांनी दोन्ही बाजूंना उभं राहून बॅट उंचावून मानवंदना दिली. पद्मश्री आणि द्रोणाचार्य हे दोन्ही सन्मान मिळालेल्या या माणसाला शासकीय इतमाम मात्र मिळाला नाही. त्यावर टीका झाली, संवादात त्रुटी राहिल्याचं स्पष्टीकरण सरकारकडून आलं आणि विषय मिटला. पोरांच्या बॅटांची ती कमान पाहिलेल्यांना बंदुकांच्या सलामीची उणीव फारशी जाणवली नसावी.

दरम्यान मुंबईच्या शालेय क्रिकेटचा गुरुत्वमध्यही दादरहून सरकला. हॅरिस शिल्डमधल्या अलीकडच्या मोठ्या खेळी, म्हणजे २००९ मधल्या सर्फराझ खानच्या ४३९ आणि २०१३ मधल्या पृथ्वी शॉच्या ५४६ धावा, वांद्र्याच्या रिझवी स्प्रिंगफील्डकडून झाल्या. शॉ तर विरारहून यायचा. दादर-परळच्या गिरण्यांच्या जागी टॉवर उभे राहिले, तिथली मराठी कुटुंबं बोरिवली, डोंबिवली, विरारकडे गेली आणि त्यांच्याबरोबर बॅट हातात घेणारी पोरंही. गिरण्यांचे क्रिकेट संघ तर कधीच इतिहासजमा झाले. गुलमोहर मिल्सकडून खेळणारा आचरेकर आज कुठल्या वाटेने वर आला असता, हे सांगणं कठीण आहे.

३ डिसेंबर २०२४ रोजी, सरांच्या जयंतीला, शिवाजी पार्कच्या पाच क्रमांकाच्या प्रवेशद्वारापाशी त्यांच्या स्मारकाचं अनावरण राज ठाकरे आणि सचिन तेंडुलकर यांच्या हस्ते झालं. विनोद कांबळीही व्यासपीठावर होता. सचिन जाऊन त्याला भेटला आणि विनोदने त्याचा हात बराच वेळ धरून ठेवला. तेवढाच व्हिडिओ त्या संध्याकाळी सगळीकडे फिरला. दुसऱ्या दिवशी सकाळी पाच नंबरच्या गेटमधून पोरं किटबॅगा ओढत नेट्सकडे निघाली होती.